लाइट गेल्याची रेघ

पंधरा ऑगस्टला शाळेच्या मैदानात माइकसमोर उभी राहून चंचल चार मिनिटं न अडखळता बोलली, आणि त्या दिवसापासून तिची अशी खात्री झाली की या अख्ख्या सुरतेत आपण ज्याच्याशी बोलू शकत नाही असा एकही माणूस शिल्लक नाही. त्याआधी काय होतं? दुकानात "पावशेर साखर" म्हणायचं तरी तिचा आवाज घशात दडी मारून बसायचा. आणि आता बघा! नऊ दिवसांत ती रिक्षावाल्याशी गुजरातीत भांडली, मुख्याध्यापकांना पंखा दुरुस्त करायला सांगून आली, आणि मैत्रिणीच्या, वैशालीच्या, आजोबांना तिनं त्यांच्या तोंडावर सांगितलं की तुम्ही पत्त्यांत लबाडी करता. आजोबा खूश झाले. मग चंचलनं ठरवलं की आता मोठ्या कामाला हात घालायचा.

मोठं काम म्हणजे चिंधाकाका.

लिंबायतमधल्या त्यांच्या गल्लीत चिंधाकाकांचं घर शेवटचं. घर म्हणजे एक खोली, आणि खोलीत ते एकटेच. चंचलच्या आप्पांचे ते जिवाभावाचे दोस्त. आप्पांचं नाव भटू, आणि 'भटू-चिंधा' हे लोक एका दमात, एकाच माणसाचं नाव असल्यासारखं म्हणायचे. दोघं एकाच खात्यात. खातं म्हणजे लूमचा, यंत्रमागांचा कारखाना. आप्पा तिथे आठ लूम चालवायचे आणि काका त्याच लूम दुरुस्त करणारे फिटर. जेवायचे एका डब्यातून. प्लेगच्या साली सगळी गल्ली जीव मुठीत धरून नंदुरबारच्या गाडीत कोंबली गेली, तेव्हा नऊ घरांच्या चाव्या कमरेला लावून एकटे काका मागे थांबले होते आणि चंचलच्या शेळीला रोज पाला घालत होते.

आणि गेल्या वर्षी, श्रावणात, आप्पा एक दिवस कामावरून आले, चप्पल काढली आणि म्हणाले, "आजपासून त्या घरात कुणी जायचं नाही."

बस्स. कारण नाही, काही नाही. माय विचारून विचारून दमली. त्याहून कहर म्हणजे चिंधाकाकांनाही कारण ठाऊक नव्हतं. त्यांनी मायला दोनदा रस्त्यात गाठून विचारलं, "वहिनी, भटू मनासंगे काबर बोलत नही?" माय काय सांगणार! वर्ष झालं. अजून दोघं त्याच खात्यात कामाला होते. लूम बिघडली की आप्पा बोटानं दाखवायचे, काका पाना घेऊन यायचे, आणि दोघंही एकमेकांच्या चेहऱ्याकडे न बघता आपापल्या वाटेला.

आज शनिवार होता. उद्या रविवारी घरोघरी कानबाई देवी बसणार होती. खानदेशातला माणूस सुरतेत येऊन किती का वर्षं राहीना, श्रावणातल्या त्या रविवारी कानबाई बसवतोच, आणि त्या दिवशी सगळे भाऊबंद एका घरात जमतात. चिंधाकाकांना भाऊबंद नव्हते. आधी ते आप्पांच्या घरी यायचे, ओट्यावर बसून नारळ सोलायचे. गेल्या वर्षी मात्र घराला कुलूप लावून दिवसभर कुठेतरी निघून गेले. यंदाही जाणार. म्हणून चंचलनं ठरवलं होतं की कानबाई बसायच्या आत या दोघांना बोलतं करायचं. शनिवारची सकाळची शाळा सुटली तशी ती पाठीवर दप्तर घेऊन, घरावरून पुढे, थेट शेवटच्या दारात जाऊन उभी राहिली.

दार उघडं होतं. काका दाराकडे पाठ करून जमिनीवर बसले होते आणि मांडीवर काहीतरी घेऊन घासत होते.

"काका!"

उत्तर नाही.

"ओ काका! मी आले!"

काहीच नाही. चंचलला राग आला. भांडण आप्पांशी आहे ना? मग माझ्याशी कसला अबोला! ती तरातरा आत शिरली आणि तिच्या दप्तराचा धक्का लागून भिंतीला टेकवलेला पत्र्याचा तुकडा असा काही दणकन आपटला की समोरच्या ओट्यावरचं कुत्रं केकाटत पळालं. काकांची मात्र मानसुद्धा हलली नाही. ते घासतच होते.

मग तिची सावली त्यांच्या हातावर पडली आणि ते केवढ्यानं तरी दचकले.

"कवय उनी व पोरी?" ते हसले. मग हसू आवरून दाराकडे बघत म्हणाले, "तुना बाप काय म्हनी?"

चंचल त्यांच्याकडे टक लावून बघत राहिली. तिच्या डोक्यात काहीतरी लकाकलं होतं. तिनं दप्तरातून वही काढली, तोंडासमोर धरली आणि वहीच्या आडून म्हणाली, "काका, तुमच्या डोक्यावर पाल बसलीय."

काका छान हसत बसून राहिले.

"मोठी आहे. शेपूट कानात घालतेय."

काका हसतच मान डोलवत होते. चंचलनं वही खाली घेतली. "काका, तुम्हाला ऐकू येत नाही!"

आता मात्र त्यांनी तिचे ओठ बघितले आणि चेहराच उतरला. उठून त्यांनी आधी दार लोटलं. "सहा वरीस झाले," ते म्हणाले. "कोनलेच सांगू नको, चंचल. देवीची आण आहे तुला."

"आप्पांनासुद्धा माहीत नाही? रोज बरोबर असून?"

"खात्यात कसं कळणार, सांग? तू आली आहेस ना तिथे?"

आली होती ती. दीडशे लूम एकदम चालतात, आणि कानात कुणी ओरडलं तरी आपल्याला त्याचा फक्त श्वास लागतो. तिथे कुणी आवाज काढून बोलतच नाही. नुसते ओठ हलवायचे, समोरच्यानं ओठ वाचायचे. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत गप्पा चालतात, थट्टा चालते, चहाची ऑर्डर जाते, आणि आवाज एकाचाही नसतो. अशा ठिकाणी कोण बहिरा आणि कोण कानाचा, हे ब्रह्मदेवाला तरी कळेल का? आणि गल्लीत काका मुळातच घुम्या माणूस म्हणून प्रसिद्ध. कुणी बोललं की तोंडाकडे बघायचे आणि मान हलवायचे.

"पण लपवायचं कशाला?"

"फिटर म्हणजे कान गं, पोरी. लूमच्या आवाजावरून तिचं दुखणं ओळखायचं, तोच माझा धंदा. बहिरा फिटर कोण ठेवेल? मी लूमला तळहात लावतो, हाडांना कळतं. पण हाताला सगळं नाही कळत. म्हणून तर हे बनवलं."

आणि त्यांनी मांडीवरची वस्तू वर उचलली.

असली वस्तू चंचलनं जन्मात पाहिली नव्हती! मागच्या बाजूला गणपती मंडळाच्या लाउडस्पीकरचा चेपलेला कर्णा. कर्ण्याच्या अरुंद तोंडाला चहाच्या डब्याचं पातळ झाकण. झाकणाला टेकलेली लूममधली एक बारीक तार. आणि हे सगळं बसवलं होतं एका लाकडी धोट्यावर, म्हणजे लूममध्ये इकडून तिकडे धावत सूत विणतो तो होडीसारखा ठोकळा. हाताळून हाताळून तो शिसवीसारखा काळा झाला होता.

"याला म्हणतात कानभोंगा," काका म्हणाले. "म्हणतात म्हणजे मीच म्हणतो. धोटा दातांत धरायचा, तार लूमला लावायची, म्हणजे लूमची थरथर दातांत येईल, असा माझा विचार. पण परवा काय झालं, मी इथे घरात बसलेलो. लूम कुठे? पाव मैलावर. तार चुकून या उशीच्या अभ्र्यावर घासली गेली आणि दातांत लूम सुरू! खट-खट, खट-खट. घरात बसून! चंचल, यातून काहीतरी येतंय. काय येतंय ते ऐकायला माझ्याकडे कान नाहीत."

चंचलनं दप्तर फेकलंच. "माझ्याकडे आहेत ना! दोन आहेत!"

तिनं कर्ण्याच्या रुंद तोंडाला कान लावला. काकांनी अभ्रा ताणून धरला आणि तारेखालून हळूहळू ओढायला सुरुवात केली.

"व माय गं!"

ती तीन हात मागे उडाली. काका घाबरले. "काय व्हयनं?"

"लूम! सगळं खातं! काका, आख्खं खातं आहे यात!"

पुन्हा कान लावला. दीडशे लूम धडाडत होत्या, आणि त्यातली एक, अगदी जवळची, अशी स्पष्ट की तिच्या कुरकुरणाऱ्या पट्ट्याचाही आवाज येत होता. चंचलनं जोरजोरात ओठ हलवत सांगितलं, तसे काका ताडकन उठले. "पट्टा कुरकुरतो? तेरा नंबर! ती लूम तीन वर्षांपूर्वी भंगारात गेली!"

दोघं एकमेकांकडे बघत राहिले. तीन वर्षांपूर्वी! कापड विणलं जात होतं तेव्हा त्याच्या आजूबाजूला जे जे वाजलं, ते सुताबरोबर विणलं गेलं होतं आणि तारेखाली उलगडत होतं. चंचलला एकदम वाटलं की आपल्याला पंख फुटताहेत आणि ही खोली फार लहान आहे. "अजून द्या! दुसरं कापड द्या!"

काकांच्या घरात कापडाला काय तोटा? खात्यात कापडाला डाग पडला, धागा सुटला, की तेवढा तुकडा कापून बाजूला टाकतात, त्याला फेंट म्हणतात, आणि कारीगर ते घरी नेतात. अर्ध्या लिंबायतचे पडदे, परकर आणि पिशव्या फेंटच्या. काकांनी पडदा काढला, चंचलनं ऐकलं. लूम. पिशवी ऐकली. लूम. टॉवेलाच्या कडेला जोडलेला तुकडा ऐकला. लूम, लूम, लूम! चंचलचा कान लाल झाला आणि उत्साह थोडा खचायला लागला. माणसं कुठे आहेत? तिला माणसं ऐकायची होती. पण माणसं तर तिथे आवाज न काढता बोलत होती, मग कापडात येणार कुठून!

आणि तेवढ्यात, एका निळ्या फडक्याच्या मधोमध, खटखट एकदम थांबली.

इतकी शांतता झाली की चंचलला वाटलं भोंगा मोडला. मग दूरवरून कुणीतरी ओरडलं, "लाइट गई!" आणि मग, काय सांगू, एकामागून एक आवाजच आवाज. कुणी कडकडून शिंकलं. कुणी पाणी ओतलं. शेठ गुजरातीत म्हणाला, "बेसो बेसो, हमणां आवशे," म्हणजे बसा, आत्ता येईल. एक ओडिया कारीगर आपल्या भाषेत गायला लागला, आणि कुणीतरी कळवळून सांगत होता की काल भरताच्या वांग्यात अळी निघाली आणि ती बायकोनं मला सांगितलीच नाही.

चंचल ऐकता ऐकता ओठांनी सगळं काकांना सांगत होती. वांग्यातल्या अळीला काका एवढे हसले की डोळ्यांतून पाणी आलं. "सुकलाल! तो सुकलाल! गाव गाठलं त्यानं. अरे, त्याचा आवाज मी... मला तो आठवतच नव्हता."

चंचलनं फडकं डोळ्यांजवळ नेलं. जिथे तार होती तिथे कापडात आडवी रेघ होती, बोटाच्या नखाएवढी जाड, बाकी विणीपेक्षा दाट.

"लाइट गेल्याची रेघ," काका म्हणाले. "लाइट जाते, लूम थांबते. परत सुरू होताना सूत दाटून बसतं. म्हणून तेवढा तुकडा फेंट."

"काका! म्हणजे रेघ शोधायची! जिथे रेघ, तिथे माणसं!"

एकेका रेघेत अर्धा अर्धा तास मावला होता. मग काय, नुसती धमाल. दोघांनी खोलीतलं कापड न् कापड उजेडात धरून रेघा शोधल्या. एका रेघेत दोन कारीगर लग्न जमवत होते. एका रेघेत कुणी तरी एकटाच बसून विठोबाला नाही, शेठला नाही, आपल्या लूमलाच शिव्या देत होता. एकीत नुसता पाऊस पत्र्यावर. चंचलला वाटलं, सोमवारी शाळेत सांगितलं तर कुणी विश्वास ठेवणार नाही, आणि न ठेवू देत!

खोलीतल्या रेघा संपल्या. तेव्हा तिची नजर गेली स्वतःच्या दप्तरावर.

दप्तर मायनं शिवलेलं, गेल्या वर्षी आप्पांनी आणलेल्या करड्या फेंटचं. तळाला आडवी जाड रेघ. चंचल रोज ती बघायची आणि तिला ती डिझाइन वाटायची. तिनं पुस्तकं भसाभसा जमिनीवर ओतली, दप्तर उलटं केलं आणि तारेखाली धरलं.

खट-खट, खट-खट. मग शांतता. लांब कुठेतरी "लाइट गई!" पावलं. कारीगर बाहेर चालले होते, चहाला. पावलं दूर गेली. कुठेतरी जवळच पाना लोखंडावर टक्, टक् वाजत राहिला. आणि मग आप्पांचा आवाज आला. इतका जवळ की चंचलनं दचकून दाराकडे बघितलं.

"चिंधा."

टक्. टक्.

"चिंधा, एक इचारानं व्हतं. खूप दिनथाईन इचारू म्हनस, पन तठे सगळा ऱ्हातस." आप्पा थांबले. त्यांनी घसा खाकरला. आप्पा असं अडखळत बोलतात? आप्पा? "तुले भाऊबंद नहीत. यंदाना रोटमा तुना नावनी मूठ टाकू का? भाऊबंद काय म्हनतीन ते म्हनोत. तू मना पाठना भाऊ शे. नुसता हा म्हन."

टक्. टक्. टक्.

रोट म्हणजे काय ते चंचलला ठाऊक होतं. कानबाईच्या नैवेद्याचा रोट खायचा तो फक्त घरच्या भाऊबंदांनी; त्याचा एक तुकडासुद्धा परक्याला मिळत नाही. घरातल्या एकेका पुरुषाच्या नावानं सव्वा सव्वा मूठ गहू सुपात टाकतात, आणि ज्याच्या नावाची मूठ तो त्या घरचा. आप्पा काकांना विचारत होते, माझा सख्खा भाऊ होशील का? आणि बाहेरच्या माणसासाठी हे विचारणं म्हणजे उद्या सगळ्या भाऊबंदांची बोलणी खाणं.

"बोल ना भो," आप्पा म्हणाले. मग बराच वेळ नुसतं टक्, टक्. मग अगदी हळू, "बरं. नही तं नही." पावलं निघून गेली. लाइट आली आणि लूम पुन्हा धडाडल्या.

"काय ऐकलंस?" काका तिच्या तोंडाकडे बघत होते. "चंचल? रडतेस का?"

तिनं सांगितलं. एकेक शब्द, ओठ मोठे करून. काकांनी पुन्हा सांगायला लावलं. पुन्हा. तिसऱ्यांदा 'पाठना भाऊ' पर्यंत आल्यावर त्यांनी हात वर करून तिला थांबवलं.

"मी पाच नंबरच्या खाली होतो," ते म्हणाले. "लाइट गेली म्हणून घाईनं नट आवळत होतो. त्याच्याकडे माझी पाठ होती." मग स्वतःशीच, "त्यानं आवाज काढून विचारलं. सहा वर्षांत पहिल्यांदा कुणी खात्यात माझ्याशी आवाज काढून बोललं."

"चला!" चंचल उठलीच. "आत्ता गहू मोजताहेत घरी. सगळे आलेत. चला, सांगू आप्पांना!"

"काय सांगशील? बहिरा आहे म्हणून? तुझ्या बापाचा चुलतभाऊ निंबा असेल तिथे. संध्याकाळपर्यंत शेठच्या कानावर जाईल."

"मग काय, आप्पांनी असंच समजत राहायचं की तुम्ही पाठ फिरवलीत?"

काका धोट्यावरून अंगठा फिरवत राहिले.

"मी नाही सांगणार," चंचल म्हणाली. तिच्या घशात सगळं भाषण येऊन उभं होतं, अख्खी सुरत ऐकेल एवढं, पण तिनं ते गिळलं. गिळायला बोलण्यापेक्षा जास्त ताकद लागते हे तिला नव्यानंच कळत होतं. "तुम्ही आण घातलीय. तुमचं तुम्ही ठरवा. पण सूप एकदा उचललं की मग पुढच्या वर्षीच."

काकांनी भोंग्याकडे बघितलं, दप्तराकडे बघितलं. मग खुंटीवरचा धुतलेला सदरा काढला आणि अंगात घालता घालताच चालू लागले. बटणं वर-खाली लागली तरी थांबले नाहीत. चंचल मागून रिकामं दप्तर घेऊन धावली.

घरात न्हाऊन-धुऊन सगळे बसले होते. मधोमध सूप, सुपात गहू. माय, म्हणजे शोभाबाई, ओले केस बांधून भिंतीशी बसलेली. आप्पा मूठ भरून सुपात सोडत होते आणि दर मुठीला एक नाव घेत होते. समोर चुलतभाऊ निंबाकाका, ज्यांचं काम प्रत्येक गोष्टीत चूक काढणं.

दारात चिंधाकाका दिसले आणि नाव घेता घेता आप्पांचा हात थांबला. त्यांनी एकदा बघितलं, मग सूप घेऊन दुसऱ्या बाजूला वळले. दाराकडे पाठ.

"आठे भाऊबंदनं काम चालू शे," ते भिंतीकडे बघत म्हणाले. "ज्यास्ले नको व्हतं, त्यास्नी काबर यावं?"

चंचलला ओरडावंसं वाटलं. तिनं दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं.

चिंधाकाका उंबऱ्याशी उभे होते. आप्पांची पाठ त्यांना दिसत होती आणि पाठीला ओठ नसतात. ते म्हणाले, आणि स्वतःचा आवाज स्वतःला येत नसल्यानं केवढ्या तरी मोठ्यांदा म्हणाले, "भटू, जे बोलायचं ते इकडे तोंड करीसन बोल! माले ऐकू येत नही. सहा वरीस झाले, माले काहीच ऐकू येत नही!"

गल्लीत ऐकू गेलं असेल. समोरची बाई धुणं सोडून दारात आली.

"फिटर, अन् बहिरा?" निंबाकाका हसले. हसायला दुसरं कुणी आलं नाही.

आप्पा वळले होते. काका पुढे बोलत होते, "मांगला साले लाइट गई, तू माले इचारं. मी लूमना खाले व्हतू. मी ऐकंच नही, भटू. मना जीवनी आण. आज समजनं. तू म्हने, पाठना भाऊ."

"कोनी सांगं तुले?" आप्पांनी विचारलं. "तठे कोनीच नव्हतं!"

सगळ्यांनी चंचलकडे बघितलं. चंचलनं तोंडावरचे हात काढले, दप्तर वर धरलं आणि म्हणाली, "हे होतं तिथे."

त्याचा कुणाला काही अर्थ लागला नाही, पण आप्पा ते बघतच नव्हते. ते उठून काकांसमोर जाऊन उभे राहिले. त्यांचे ओठ हलायला लागले, आणि आवाज काही निघेना. आधी चंचलला वाटलं, आप्पांना बोलवत नाहीये. मग कळलं, आप्पा खात्यात बोलतात तसं बोलत होते. भराभर, नुसत्या ओठांनी, भुवया उडवत. काका तसंच उत्तर देत होते. एकदा आप्पांनी कपाळावर हात मारून घेतला. एकदा काकांनी त्यांच्या छातीत बोट खुपसलं. वर्षभराचं सगळं बोलणं दोघांनी सगळ्यांच्या देखत उरकलं, आणि तेही इतक्या भराभर की एवढ्या माणसांत एकालाही त्यातलं अक्षर कळलं नाही. चंचलचा जीव नुसता तळमळत होता. हे ऐकायला तर भोंगासुद्धा उपयोगाचा नव्हता!

शेवटी आप्पांनी मागे वळून गव्हाच्या पोत्यात हात घातला.

"भटू, थांब," निंबाकाका म्हणाले. "दोस्ती दोस्तीच्या जागी. रोट कुळाचा असतो. कुळाबाहेरच्याची मूठ सुपात पडली तर देवी..."

"देवीनं आधीच पाहेल शे," माय म्हणाली.

माय कधी भाऊबंदांच्या मध्ये बोलत नाही. माय गव्हाकडे बघत म्हणाली, "मांगला साले ह्यास्ना हातमातून चिंधाभाऊनी सव्वा मूठ सूपमा पडनी. सवय म्हना, काय बी म्हना. मंग ह्यास्नीच ती परत काढी. मी पाहे. देवीना सूपमातला दाना कोनी परत काढस का, निंबाभाऊ? साल भर माले झोप नही. ती मूठ तिची शे. ती तिले द्या."

निंबाकाकांनी तोंड उघडलं. याच्यात चूक कुठे काढावी ते त्यांना सापडेना. तोंड मिटलं.

आप्पांनी मूठ भरली आणि नाव घेतलं. खणखणीत, खात्यात लाइट गेल्यावर घेतात तसं, आवाज काढून. "चिंधा." गहू सुपात पडले. वर पाव मूठ.

माय डोळे पुसत उठली आणि सुपावर पांढरं फडकं टाकलं. दळण लगेच चक्कीवर जायला हवं होतं, नाहीतर रांग वाढली असती. यांच्या घरात दळण नेण्याचं काम सगळ्यांत शेवटी मोजलेल्या भाऊबंदाचं. निंबाकाकांनी पानाचा डबा उघडला आणि त्यात बघत बघत म्हणाले, "मग जाऊ दे आता नव्याला. आणि म्हणावं, चक्की आधी धुवून घे."

चिंधाकाका नुसते उभे.

"निंबाकाका!" चंचल म्हणाली. निंबाकाकांशी या आवाजात आजवर त्यांची बायकोसुद्धा बोलली नव्हती. "त्यांच्याकडे तोंड करून सांगा."

निंबाकाकांनी तिच्याकडे असं बघितलं की नऊ दिवसांपूर्वीची चंचल असती तर मोरीत लपली असती. ही चंचल उभी राहिली. मग निंबाकाकांनी डबा मिटला, चिंधाकाकांकडे वळले आणि एकेक शब्द ओठ फाकवून, लहान पोराला शिकवतात तसा म्हणाले, "दळण. आण. चक्की. धुवून."

"एवढं सावकाश नको रे," चिंधाकाका म्हणाले. "बहिरा शे मी, येडा नही."

आता मात्र सगळे हसले, आणि निंबाकाका सगळ्यांत शेवटी, पण हसले.

काकांनी सूप डोक्यावर घेतलं आणि चंचल पुढे धावत, "बाजूला व्हा, रोटाचं दळण आहे, शिवू नका" करत रस्ता मोकळा करत निघाली. चक्कीवर ही गर्दी. तिन्ही चक्क्या एकदम घरघरत होत्या, पिठाचा धुरळा उडत होता, आणि रांगेतल्या बायका एकमेकींच्या कानात ओरडून, हातवारे करून दमल्या होत्या. चंचलनं घसा फाटेस्तोवर सांगितलं, "चक्की धुवून द्या!" चक्कीवाल्यानं कानाला हात लावून "काय? काय?" केलं. तिसऱ्यांदा ओरडायला तिनं श्वास घेतला, तर काकांनी तिला हलकेच बाजूला केलं, चक्कीवाल्याच्या समोर उभे राहिले आणि आवाज न काढता नुसते ओठ हलवले. चक्कीच्या गोंगाटात आयुष्य काढलेल्या चक्कीवाल्यानंही तसंच काहीतरी विचारलं. काकांनी सांगितलं. चक्कीवाला हसला, बादली घेऊन चक्की धुवायला लागला, आणि धुता धुता मान वर करून पुन्हा काही बोलला.

"काय म्हणतोय?" चंचलनं काकांची बाही ओढली. "काका, काय म्हणतोय तो? मला सांगा ना!"